रिव्हॅलचा निकाल अडकला असेल तर: नाशिकच्या विद्यार्थ्यांसाठी कायदेशीर मार्ग, क्रमाने

रिव्हॅलच्या, म्हणजे पुनर्मूल्यांकनाच्या, बाबतीत विद्यार्थ्यांच्या दोन तक्रारी असतात आणि बहुतेक अर्जांत त्या एकमेकींत मिसळलेल्या दिसतात. एक, ‘माझे गुण चुकीचे आहेत.’ दुसरी, ‘माझ्या अर्जावर निर्णयच होत नाही.’ पहिल्या तक्रारीत कायदा विद्यार्थ्याच्या बाजूने फारसा उभा राहत नाही. नियमात पुनर्मूल्यांकनाची तरतूद नसेल तर ते हक्क म्हणून मागता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्र राज्य मंडळ विरुद्ध परितोष शेठ या १९८४ च्या निकालातच सांगितले. न्यायालयाने स्वतः उत्तरपत्रिका तपासत बसू नये, हे रणविजय सिंह प्रकरणात (२०१८) पुन्हा स्पष्ट झाले. दुसरी तक्रार मात्र भक्कम आहे. विद्यापीठाने नियम केला, शुल्क घेतले, अर्ज स्वीकारला, म्हणजे ठरलेल्या किंवा वाजवी मुदतीत निर्णय देणे हे त्याचे कर्तव्य ठरते. म्हणून पहिल्या ई-मेलपासून उच्च न्यायालयातल्या विनंतीपर्यंत मागणी एकच ठेवा: अमुक तारखेपर्यंत निर्णय द्या. ‘पेपर सोपा होता, ७० अपेक्षित होते’ असली वाक्ये उशिराच्या अर्जात घातली की समोरच्याला ‘हा गुणांचा वाद आहे’ म्हणून फाइल बाजूला ठेवायला निमित्त मिळते.

आधी ठरवा, विद्यापीठ कोणते

नाशिकमध्ये हा प्रश्न क्षुल्लक नाही. शहरातली बहुतेक कला, वाणिज्य, विज्ञान, विधी आणि अभियांत्रिकी महाविद्यालये सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाशी संलग्न आहेत. त्यांना महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ लागू होतो. म्हसरूळचे महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठ १९९८ च्या स्वतंत्र कायद्याने चालते. गंगापूर धरणाजवळचे यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ १९८९ च्या त्याच्या स्वतःच्या कायद्याने चालते. खासगी विद्यापीठांचे कायदे आणखी वेगळे. त्यामुळे आरोग्य विज्ञान विद्यापीठाच्या, उदाहरणार्थ बीएएमएसच्या (आयुर्वेद पदवी), विद्यार्थ्याने आपल्या अर्जात २०१६ च्या अधिनियमाचे कलम टाकले तर तो अर्ज पहिल्याच टेबलावर लंगडा पडतो.

महाविद्यालय स्वायत्त असेल तर आणखी एक फरक. तिथे परीक्षा आणि निकाल महाविद्यालयाचा परीक्षा नियंत्रकच पाहतो, पदवी तेवढी विद्यापीठ देते. अशा वेळी पुण्याला पत्र पाठवून उपयोग नाही, पहिले पत्र नियंत्रकाच्या नावे हवे. संलग्न महाविद्यालयातल्या विद्यार्थ्याचे उलटे: कॉलेजच्या कार्यालयात कितीही खेटे घातले तरी निर्णय पुणे विद्यापीठाच्या गणेशखिंडीतल्या परीक्षा विभागातच व्हायचा असतो. पुणे विद्यापीठाच्या नाशिक उपकेंद्रात निवेदन देऊन आवक शिक्का घेणे चांगले, पण त्यावर थांबू नका. मूळ प्रत थेट पुण्याला गेलीच पाहिजे.

मग तुमच्या परीक्षेचे परिपत्रक काढा. त्यात तीन वेगळ्या गोष्टी असू शकतात: उत्तरपत्रिकेची छायाप्रत, गुणपडताळणी म्हणजे बेरीज आणि न तपासलेला प्रश्न पाहणे, आणि पुनर्मूल्यांकन म्हणजे दुसऱ्या परीक्षकाकडून तपासणी. सगळ्या अभ्यासक्रमांना तिन्ही सोयी नसतात. प्रात्यक्षिक, तोंडी आणि अंतर्गत गुण सहसा यातून वगळलेले असतात. ज्या सोयीची तरतूदच नाही तिचा ‘उशीर’ होऊ शकत नाही, त्यामुळे ही खात्री आधी.

मुदत कुठून आणायची

२०१६ च्या अधिनियमाच्या कलम ८९ प्रमाणे शेवटच्या पेपरपासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न विद्यापीठाने करायचा आहे आणि काही झाले तरी ४५ दिवसांत तो लावायचा आहे. तसे न झाल्यास परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांना कारणांसह अहवाल तयार करून तो कुलपतींपर्यंत पाठवावा लागतो. हे कलम नुसते कागदावरचे नाही. २०१७ मध्ये ऑनस्क्रीन तपासणीच्या गोंधळात मुंबई विद्यापीठाचे निकाल महिनोन्‌महिने रखडले, तेव्हा त्या वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये कुलपतींनी कुलगुरूंना पदावरून दूर केले होते.

पण इथे एक अडचण आहे आणि ती लपवून चालणार नाही. ४५ दिवसांची ही मर्यादा मूळ निकालाची आहे. रिव्हॅलची मुदत परिपत्रकात किंवा विद्यापीठाच्या अध्यादेशात शोधावी लागते. तिथे दिवस लिहिलेले असतील तर तेच तुमचे मुख्य हत्यार. नसतील तर युक्तिवाद असा करायचा: संपूर्ण परीक्षेचा निकाल ४५ दिवसांत लावणे कायद्याला अपेक्षित असताना एका उत्तरपत्रिकेच्या फेरतपासणीला त्याहून जास्त वेळ लागणे वाजवी नाही. ‘कलम ८९ चा भंग झाला’ असे रिव्हॅलबद्दल ठोकून देऊ नका, ‘कलम ८९ मधील कालमर्यादेचे तत्त्व’ असे लिहा. पहिल्या वाक्यावर विद्यापीठाचा वकील बोट ठेवू शकतो, दुसऱ्यावर नाही.

फाइल: कागद आज गोळा करा

पोर्टलवरची माहिती बदलते आणि जुनी दिसेनाशी होते. म्हणून अर्जाची पावती, शुल्काचा व्यवहार क्रमांक, बँक खात्यातली नोंद, छायाप्रत मिळाल्याचा ई-मेल, मूळ गुणपत्रक आणि परिपत्रकाची पीडीएफ एका फोल्डरमध्ये ठेवा. अर्जाच्या स्थितीचा स्क्रीनशॉट दर आठवड्याला घ्या, पण असा की संगणकाची तारीख आणि वेबपत्ता दोन्ही दिसतील. मोबाइलवर कापून घेतलेला अर्धा स्क्रीनशॉट नंतर कोणत्या दिवशीचा ते सांगता येत नाही. पीआरएन (विद्यापीठाचा कायम नोंदणी क्रमांक) आणि बैठक क्रमांक प्रत्येक कागदावर हवा.

त्याबरोबर नुकसान दाखवणारा कागद. पुढच्या प्रवेशाचे वेळापत्रक, नोकरीचे ऑफर लेटर, शिष्यवृत्ती नूतनीकरणाची शेवटची तारीख, एटीकेटीचा (नापास विषय ठेवून पुढच्या वर्षात जाण्याचा) नियम. नुसता ‘माझे नुकसान होत आहे’ हा मजकूर सगळेच लिहितात. ‘१० ऑगस्टला प्रवेशफेरी बंद होते, सोबत वेळापत्रक’ असे लिहिलेला अर्ज वेगळा वाचला जातो.

आणि सगळ्यात जास्त विसरली जाणारी गोष्ट: उत्तरपत्रिका कायमच्या ठेवल्या जात नाहीत, ठरावीक काळानंतर नष्ट होतात. पहिल्याच पत्रात ‘प्रकरण निकाली निघेपर्यंत माझी मूळ उत्तरपत्रिका जतन करावी’ हे एक वाक्य टाका. छायाप्रत आधीच घेतली असेल तर उत्तमच.

पहिली पायरी: लेखी निवेदन

फोन, भेट, कॉलेजच्या लिपिकामार्फत निरोप, यांचा पुढे काही पुरावा राहत नाही. निवेदन परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे, प्रत कुलसचिवांना आणि प्राचार्यांना. ई-मेलही करा आणि स्पीड पोस्टही. टपाल खात्याने २०२५ मध्ये रजिस्टर्ड पोस्ट स्पीड पोस्टमध्ये विलीन केले आहे, त्यामुळे पूर्वीसारखे ‘आरपीएडी’ (पोचपावतीसह रजिस्टर्ड पोस्ट) मागण्याऐवजी स्पीड पोस्ट करताना पोहोच देण्याची सोय मागा आणि ट्रॅकिंगचे पान छापून ठेवा.

मजकूर एका पानाच्या पुढे जाऊ देऊ नका. साचा असा:

‘मी (नाव), पीआरएन ___, बैठक क्र. ___, (अभ्यासक्रम, सत्र) या परीक्षेतील (विषय व संकेतांक) या विषयाच्या पुनर्मूल्यांकनासाठी दि. ___ रोजी अर्ज क्र. ___ अन्वये रु. ___ शुल्क भरून अर्ज केला. परिपत्रक क्र. ___ नुसार निर्णय दि. ___ पर्यंत अपेक्षित होता. आज ___ दिवस उलटूनही निर्णय मिळालेला नाही. (प्रवेशफेरी / परीक्षा अर्ज) यांची अंतिम तारीख ___ आहे. तरी हे पत्र मिळाल्यापासून ७ दिवसांत निर्णय कळवावा, तोवर मूळ उत्तरपत्रिका जतन करावी, आणि निर्णय त्या मुदतीत शक्य नसल्यास कारण व अपेक्षित तारीख लेखी कळवावी.’

७ दिवस हे कायद्यातले नाहीत, तुमच्या अंतिम तारखेनुसार ते १० किंवा १५ करा. या पत्राचा खरा उपयोग पुढे आहे. उच्च न्यायालयाकडून विद्यापीठाला आदेश मागताना ‘आधी मागणी केली का आणि तिचे काय झाले’ हा प्रश्न येतो. हे पत्र आणि त्याची पोहोच म्हणजे त्या प्रश्नाचे उत्तर.

एकाच विषयाचे वीस-पंचवीस विद्यार्थी अडकले असतील तर निवेदन एकत्र द्या, पण प्रत्येकाचा तपशील तक्त्यात असू द्या. नुसत्या सह्यांचा कागद निवेदन कमी आणि मोर्चाचे पत्रक जास्त वाटतो.

दुसरी पायरी: तक्रार निवारण समिती आणि लोकपाल

विद्यापीठ अनुदान आयोगाने एप्रिल २०२३ मध्ये विद्यार्थी तक्रार निवारणाचे नवे विनियम आणले. परीक्षा किंवा निकाल शैक्षणिक वेळापत्रकापेक्षा लांबणे ही त्यात स्पष्टपणे ‘तक्रार’ धरलेली आहे, अपारदर्शक किंवा अन्याय्य मूल्यमापनही. समितीचे अध्यक्ष प्राध्यापक असतात आणि एक विद्यार्थी प्रतिनिधी विशेष निमंत्रित असतो. तक्रार मिळाल्यापासून १५ कामकाजाच्या दिवसांत समितीने अहवाल द्यायचा असतो. निर्णय पटला नाही तर १५ दिवसांच्या आत लोकपालांकडे (विद्यार्थ्यांच्या अशा अपिलांसाठी नेमलेले ‘ऑम्बुड्सपर्सन’) अपील करता येते आणि लोकपालांनी ३० दिवसांत ते निकाली काढणे अपेक्षित आहे.

तक्रार विद्यापीठाविरुद्ध असेल तर ती विद्यापीठ पातळीवरच्या समितीकडे जायला हवी. कॉलेजच्या समितीकडे टाकलेली तक्रार ‘आमच्या अखत्यारीत नाही’ या शेऱ्यासह परत येते आणि मधले तीन आठवडे वाया जातात. समितीने मुदतीत काहीच कळवले नाही तर तसे नमूद करून, तक्रारीची पोहोच जोडून, लोकपालांकडे जा.

इथेही सुरुवातीचा भेद कामाला येतो. पुन्हा गुण द्या, पुन्हा तपासा अशा मागण्या लोकपाल ऐकत नाहीत. निकालावर परिणाम करणारी विशिष्ट अनियमितता किंवा भेदभाव दाखवला तरच दार उघडते. न तपासलेला प्रश्न, चुकलेली बेरीज, पुरवणी मोजलीच नाही, ही अनियमितता झाली. ‘परीक्षक कडक होते’ ही नाही. उशिराच्या तक्रारीला ही आडकाठीच लागू होत नाही.

हिशेब केला तर समिती आणि लोकपाल मिळून दोन महिन्यांहून जास्त जाऊ शकतात. प्रवेशाची तारीख तीन आठवड्यांवर असेल तर ही पायरी पूर्ण होण्याची वाट पाहू नका. तक्रार नोंदवा आणि समांतरपणे पुढे सरका.

माहिती अधिकार: कारण विचारू नका, तारखा विचारा

माहिती अधिकाराने निकाल लवकर लागत नाही, पण फाइल कुठे अडकली ते कळते आणि अनेकदा अर्ज पोहोचताच ती हलते. राज्याच्या नियमांप्रमाणे अर्ज १५० शब्दांत, एकाच विषयावर हवा. १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावा. दारिद्र्यरेषेखालील अर्जदाराला दाखल्यासह शुल्कमाफी आहे. एवढे विचारा:

१. माझा पुनर्मूल्यांकन अर्ज क्र. ___ परीक्षा विभागाला मिळाल्याची तारीख.
२. उत्तरपत्रिका फेरतपासणीसाठी पाठवल्याची आणि परत आल्याची तारीख.
३. या कामासाठी ठरवलेली कालमर्यादा असलेल्या परिपत्रकाची प्रत.
४. त्या विषयाचे आजअखेर प्रलंबित अर्ज किती.
५. हे काम पाहणाऱ्या अधिकाऱ्याचे पदनाम.

‘उशीर का झाला?’ हा प्रश्न लिहिला की ‘मागितलेली बाब माहितीच्या व्याख्येत बसत नाही’ असे छापील उत्तर येते. परीक्षकाचे नाव मागू नका, ते देणे बंधनकारक नाही आणि त्या एका मुद्द्यावर सगळा अर्ज वादात अडकतो. स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका मात्र तुम्ही पाहू शकता आणि तिची प्रतही मागू शकता. केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळ विरुद्ध आदित्य बंदोपाध्याय या २०११ च्या निकालाने तो हक्क मान्य केला आहे. विद्यापीठाच्या छायाप्रत योजनेची मुदत चुकलेल्यांना हा मार्ग विशेष उपयोगी, फक्त उत्तरपत्रिका नष्ट होण्याआधी.

उत्तराला ३० दिवस. न आल्यास किंवा अर्धवट आल्यास पुढच्या ३० दिवसांत पहिले अपील, २० रुपयांच्या स्टॅम्पसह. त्यावर ३० ते ४५ दिवसांत निर्णय व्हायला हवा. पुढे ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरे अपील. नाशिकला आयोगाचे खंडपीठ आहे म्हणून सगळे तिकडे धावतात, पण माहिती अधिकारी पुण्यात बसत असेल तर खंडपीठही पुण्याचे. आयोगात तारीख लागायला वेळ लागतो, म्हणून दुसऱ्या अपिलावर प्रवेशाचे गणित बांधू नका.

ग्राहक आयोगात जाऊ नका

‘शुल्क घेतले, सेवा दिली नाही’ म्हणून ग्राहक आयोगात जाण्याचा सल्ला नाशिकरोडपासून पंचवटीपर्यंत कोणीही देतो. सर्वोच्च न्यायालयाने बिहार शालेय परीक्षा मंडळ विरुद्ध सुरेश प्रसाद सिन्हा (२००९) आणि महर्षी दयानंद विद्यापीठ विरुद्ध सुरजीत कौर (२०१०) या निकालांत परीक्षा घेणारी संस्था सेवा पुरवठादार नाही आणि परीक्षार्थी ग्राहक नाही असे सांगितले आहे. तिथे गेलेला वेळ परत मिळत नाही. दिवाणी दावाही या कामाला फार संथ.

उच्च न्यायालय: रिट याचिका

विद्यापीठाला कर्तव्य करायला लावण्याचा मार्ग म्हणजे संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालील रिट याचिका. नाशिक जिल्ह्यासाठी ती मुंबईच्या मुख्य पीठात, अपील शाखेत दाखल होते. शेजारच्या अहिल्यानगरचे मित्र छत्रपती संभाजीनगर खंडपीठात जातात, त्यांच्या याचिकेचा मसुदा जसाच्या तसा उचलू नका. नाशिकच्या जिल्हा न्यायालयाला रिटचा अधिकार नाही. पण त्याच आवारातले जिल्हा विधी सेवा प्राधिकरण मोफत वकिलाच्या अर्जासाठी उपयोगी आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ खाली महिला, अनुसूचित जाती-जमातींचे आणि अपंग अर्जदार यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी साहाय्य मिळू शकते, इतरांना उत्पन्न मर्यादेत. माहितीसाठी राष्ट्रीय हेल्पलाइन १५१०० आहे.

वकिलाकडे जाताना एका पानाचा तारखांचा तक्ता न्या: शेवटचा पेपर, निकाल, छायाप्रत, रिव्हॅल अर्ज, निवेदन, पोहोच, तक्रार, अंतिम तारीख. चांगली याचिका याच तक्त्यावर उभी राहते. मागण्या साधारण अशा असाव्यात: अर्जावर ठरावीक दिवसांत निर्णय देण्याचा आदेश, उत्तरपत्रिका जतन करण्याचा आदेश, आणि अंतरिम दिलासा म्हणून याचिकेच्या निकालाच्या अधीन राहून तात्पुरता प्रवेश किंवा पुढच्या सत्राचा परीक्षा अर्ज स्वीकारणे. जिथे प्रवेश हवा ते महाविद्यालय किंवा सीईटी कक्ष प्रतिवादी नसेल तर त्यांच्याविरुद्ध आदेश मिळणे अवघड होते. हे राहून गेल्याने याचिकेत दुरुस्ती करण्यातच आठवडा जातो.

याचिका दाखल झाली म्हणजे सुनावणी होते असे नाही. तातडी असेल तर वकील प्रेसिपी (न्यायालयाला द्यायची लेखी विनंती) देऊन प्रकरण लवकर घेण्याची विनंती करतात, आणि तिथे प्रवेशाच्या अंतिम तारखेचा कागद सर्वांत जास्त बोलतो. म्हणून तारीख उलटण्याच्या आदल्या दिवशी नव्हे, किमान दहा-बारा दिवस आधी मुंबई गाठा. शेवटच्या क्षणी आलेल्याला ‘इतके दिवस काय केलेत’ हा प्रश्न ठरलेला. उन्हाळी सुट्टीतही तातडीच्या प्रकरणांसाठी सुट्टीतील पीठ बसते. बऱ्याचदा नोटीस पोहोचल्यावर विद्यापीठाचे वकील पुढच्या तारखेला निकालच हातात घेऊन येतात आणि याचिका तिथेच संपते. त्यात कमीपणा वाटून घेऊ नका, हवे होते तेच मिळाले. भरपाईची मागणी घालायला हरकत नाही, पण तिच्यावर भिस्त ठेवू नका.

हे सगळे चालू असताना

बॅकलॉगचा, म्हणजे राहिलेल्या विषयाचा, परीक्षा अर्ज भरा. रिव्हॅलमध्ये पास होणारच या भरवशावर अर्ज न भरणे ही सर्वांत महागात पडणारी चूक: रिव्हॅलमध्ये बदल झाला नाही तर एक संधी गेली, आणि तोवर विलंब शुल्काची मुदतही संपलेली असते. पेपरची तारीख आली आणि रिव्हॅल अजून अडकलेलेच असेल तर पेपर द्या. आधीचे गुण धरायचे की नंतरचे, आणि भरलेले परीक्षा शुल्क परत मिळते का, हे दोन प्रश्न त्याच वेळी लेखी विचारून ठेवा. पुढच्या प्रवेशासाठी महाविद्यालय हमीपत्र घेऊन तात्पुरता प्रवेश देते का ते पाहा आणि हमीपत्राची सहीशिक्क्याची प्रत स्वतःकडे ठेवा.

रिव्हॅलमध्ये गुण कमीही होऊ शकतात का, हे परिपत्रकात वाचल्याशिवाय अर्ज करू नका. आणि निकाल बदलला की पोर्टलवरचा नवा आकडा पाहून थांबू नका. जुने गुणपत्रक जमा करून सुधारित गुणपत्रक घ्या, सीजीपीए आणि वर्ग बदलला का तपासा, शिष्यवृत्तीच्या पोर्टलवर जुना ‘नापास’ शेरा राहिला असेल तर कॉलेजकडून तो दुरुस्त करून घ्या. याचिका प्रलंबित असेल तर वकिलाला त्याच दिवशी कळवा, म्हणजे पुढच्या तारखेला ती निकाली काढून घेता येईल आणि तात्पुरता प्रवेश कायम झाल्याची नोंद आदेशात येईल.